टोळीतला थोरला

सदाशिवरावांनी रिमोटचं बटण दाबलं आणि पडद्यावरचा गुंड शेवयांचा घास तोंडापाशी धरून जागच्या जागी थांबला.

"हे त्याच्या मायचं घर," सदाशिवराव माइकवर म्हणाले. "थोरला लई दिवसांनी जेवाले आला. माय इचारते, बाबू, तू करतं काय, राह्यतं कुठं? थोरला म्हणते, धंद्यात हावो माय."

"कायच्या धंद्यात?" पहिल्या रांगेतून सुखीबाईंनी विचारलं.

"जुगाराच्या. अन् हप्तेवसुलीच्या."

"मायले मालूम हाय?"

"नाही."

"मालूम असन," सुखीबाई ठामपणे म्हणाल्या. "पाय न, वाढून राह्यली, पण त्याच्या तोंडाकडं पाहून नाही राह्यली."

सदाशिवरावांनी हा सिनेमा घरी दोनदा पाहिला होता. ही गोष्ट त्यांच्या ध्यानात आली नव्हती. पण सुखीबाईंनी सरकारी दवाखान्यात तीस वर्षं बाळंतपणं केली होती आणि निम्म्या तालुक्याला जगात येताना त्यांनी स्वतः पाहिलं होतं. मायच्या बाबतीत त्यांच्याशी वाद घालायची हिंमत विरंगुळा केंद्रात कोणाची नव्हती. सदाशिवरावांनी मान डोलावली, बटण दाबलं आणि गुंडानं घास गिळला.

दर गुरुवारी दुपारी चार वाजता यवतमाळच्या या विरंगुळा केंद्रात सिनेमा असे. खिडक्यांना सतरंज्या टांगून अंधार केला जाई. सतरंज्यांच्या भोकांतून ऊन आत यायचं, त्यामुळे प्रत्येक सिनेमात, अगदी खोलीतल्या प्रसंगातसुद्धा, चांदण्या असत. पहिली दोन वर्षं देवाचे सिनेमे चालले. मग देव संपले. मग 'फक्त कौटुंबिक' असा ठराव झाला आणि वर्षभरात सासवासुनाही संपल्या. तेव्हा सदाशिवरावांच्या अक्षयनं पुण्याहून पेनड्राइव्हवर काही जुने अमेरिकन सिनेमे पाठवले. त्यांतला हा एक, पन्नास सालच्या आसपासचा, काळापांढरा, टोळीवाल्यांचा. कार्यकारिणीनं हरकत घेतली. सदाशिवराव म्हणाले, एक माय आहे, दोन भाऊ आहेत, याहून कौटुंबिक काय असतं? बंदुका मधूनमधून आहेत. ठराव मंजूर झाला. सिनेमाचं मूळ नाव फळ्यावर मावत नव्हतं, म्हणून त्यांनी खडूनं लिहिलं, 'टोळीतला थोरला'.

इंग्रजी समजावून सांगायचं काम अर्थात त्यांच्याकडे आलं. सदाशिवराव टेलिफोन खात्यातून निवृत्त झाले होते. ट्रंक कॉलच्या जमान्यात सारा जिल्हा त्यांनी एकमेकांशी जोडून दिला होता. वणीचा व्यापारी मुंबईशी बोलायचा, पांढरकवड्याची पोरगी नागपूरच्या आईशी बोलायची, आणि आवाज पोचत नसला की सदाशिवराव मध्येच म्हणायचे, "ते म्हणतात, पोहोचलो, काळजी नसावी." दुसऱ्याचं बोलणं तिसऱ्यापर्यंत नेण्यात त्यांचा हात धरणारा कोणी नव्हता. परदेशी नावं मात्र त्यांनी पहिल्या दहा मिनिटांतच काढून टाकली. थोरला, धाकटा, माय, आणि टोळीचा मुख्य तो काका. एवढ्यात अमेरिका भागली.

"हा घरातसुद्धा टोपी काढत नाही," धम्मरत्न गुरुजी म्हणाले. ते निवृत्त मुख्याध्यापक होते आणि सिनेमा पाहताना मांडीवर वही ठेवत.

"टक्कल असन," सुखीबाई म्हणाल्या.

गुरुजींनी वहीत काहीतरी लिहिलं.

सिनेमा पुढे सरकला. त्या गावात सारखा पाऊस पडत होता. थोरल्यानं टोळीच्या पैशावर धाकट्याला शिकवलं, धाकटा सरकारी वकील झाला, आणि सरकारनं पहिलाच खटला त्याच्या हाती दिला तो काकाच्या टोळीचा. एक चमकत्या झग्यातली बाई जिन्यावर उभी राहून सिगारेट ओढत होती आणि तिला सगळ्यांचं सगळं माहीत होतं. सुखीबाईंना ती फार आवडली.

"यायच्यात जरा अक्कल असन तं त्या बाईलेच," त्या म्हणाल्या. "सदाभाऊ, यायच्यात चार भाऊबंद बसवून मिटवत नाही काय? मामा-गिमा नाही का कोणी?"

"मामा दिसला नाही," सदाशिवराव म्हणाले.

"तरीच."

तेवढ्यात मागचं दार उघडलं. उन्हाची पट्टी हॉलभर पसरली आणि पडद्यावरची अमेरिका पुसून गेली.

"दार लावा हो!" चारपाच जण ओरडले. सगळ्यांनी माना वळवल्या. दारात पांढरा सदरा, पांढरा पायजमा आणि खांद्यावर दुपट्टा घेतलेला एक माणूस उभा होता. त्यानं दार लावलं, चपला हातात घेतल्या, आणि शेवटच्या रांगेत दारापाशीच्या खुर्चीवर बसला.

पडद्याशेजारच्या टेबलापाशी हॉलकडं तोंड करून बसलेल्या सदाशिवरावांना तो अंधारातही ओळखू आला. बसताना आधी डावा गुडघा दाबायची रीत त्यांच्या बापाची होती, आणि ती दोघांपैकी धाकट्याकडे गेली होती.

तो पंजाबराव होता. बाभुळगावचा. सदाशिवरावांचा सख्खा भाऊ.

हॉलमध्ये मान न वळवलेलं एकच माणूस होतं. दुसऱ्या रांगेत बसलेल्या इंदूबाई, सदाशिवरावांच्या पत्नी, पडद्याकडं इतक्या एकाग्रतेनं पाहत होत्या की जणू त्यांना इंग्रजी येत होतं. दुपारी निघताना त्यांनी नवी साडी काढली तेव्हा सदाशिवरावांनी विचारलंही होतं, "टोळीवाल्याच्या सिनेमाले इतकी तयारी?" त्या म्हणाल्या होत्या, "चार लोक येतात."

अकरा वर्षं झाली होती. भांडण झालं असं म्हणावं, तर भांडण झालंच नव्हतं. अक्षयच्या लग्नात सदाशिवरावांनी फुलस्केपवर आवतनाची यादी केली. टेलिफोन खात्याचा माणूस, यादीत चूक व्हायची नाही. कोणाला एका माणसाचं आवतन, कोणाला चुलीचं. चुलीचं आवतन म्हणजे साऱ्या घरादाराला. त्या दिवशी त्या घरी चूल पेटायची नाही. दीडशे घरं झाली, दीडशे खुणा झाल्या, आणि त्या यादीत पंजाबरावाचं नाव नव्हतं. नसणारच. यादी पाहुण्यांची होती. सख्खा भाऊ काय पाहुणा होता? त्यानं तर आदल्या दिवशीच येऊन मांडवात आरडाओरडा करायचा होता.

लग्नाच्या दिवशी सदाशिवरावांनी मुहूर्त चाळीस मिनिटं थांबवून धरला. भटजी घड्याळ दाखवत होते, नवरीकडचे तोंडं पाहत होते, आणि हे फाटकाकडं. अंतरपाट धरायला शेवटी अक्षयचा मित्र उभा राहिला. त्या दिवसापासून सदाशिवराव दुखावलेले होते, आणि दुखावलेपण त्यांनी तीन वर्षं अगदी नीट सांभाळलं.

तीन वर्षांनी इंदूबाईंनी पंजाबरावाच्या शीलाकडून ऐकलेलं सांगितलं. त्या दिवशी बाभुळगावच्या घरी सकाळपासून चूल पेटली नव्हती. पंजाबराव, शीला आणि दोन पोरं नवे कपडे घालून ओट्यावर बसली होती. आवतन येईल, घरच्याचं शेवटी येतं, असं पंजाबराव सांगत होता. दुपारी चार वाजता धाकटी उपाशी रडायला लागली तेव्हा शीलानं उठून खिचडी टाकली.

चूक आपली होती, हे सदाशिवरावांना तिथंच कळलं. पण तोवर ती तीन वर्षांची झाली होती, आणि इतकी मोठी झालेली चूक घेऊन एकदम कोणाच्या दारात कसं जावं हे त्यांना कळेना. एकदा एसटीनं बाभुळगावला गेलेही. स्टँडवर उतरले, चहा घेतला आणि त्याच गाडीनं परत आले. कंडक्टरनं विचारलं, "काका, काही विसरले काय?" हे म्हणाले, "हो."

मग त्यांनी फराळ धाडायला सुरुवात केली. दर दिवाळीला कोणाच्या तरी हाती एक डबा बाभुळगावला जाई. चिठ्ठी नाही, निरोप नाही. आठ दिवसांनी डबा घासूनपुसून परत येई, आणि रिकामा डबा परत करायचा नसतो म्हणून त्यात तुरीची डाळ असे. तिलाही चिठ्ठी नसे. आठ वर्षं हा व्यवहार चालला होता. डाळ चांगली शिजत असे.

आणि आता तोच माणूस शेवटच्या रांगेत चपला मांडीवर घेऊन बसला होता, आणि सिनेमा संपायला वीस मिनिटं उरली होती.

अडचण अशी होती की सदाशिवरावांना शेवट माहीत होता. धाकटा कोर्टात भावाविरुद्ध उभा राहतो. काकाला संशय येतो की थोरल्यानंच भावाला सगळं सांगितलं. मग थोरल्याच्या पोटात गोळी, रात्र, पाऊस. माय तोवर गेलेली असते. थोरला मायच्या घराच्या पायऱ्या चढून येतो, दार ठोकतो. आत धाकटा असतो. तो दार उघडत नाही. थोरला पायऱ्यांवर मरतो.

घरी पाहताना दोन्ही वेळा सदाशिवरावांना हा शेवट चांगला वाटला होता. कलात्मक वाटला होता. आता तो तसा वाटेना. साम्य काहीच नव्हतं. त्यांनी तर जन्मात टोपीसुद्धा घातली नव्हती. पण अकरा वर्षांनी भाऊ स्वतः चालत आला, आणि आपण त्याला दाखवणार काय, तर दार न उघडणारा भाऊ. हा उठेल, चपला घालेल आणि जाईल. मग पुन्हा येणार नाही.

थोरल्याला गोळी लागली, तो पावसात कोसळला, आणि त्यांनी बटण दाबलं. पडदा थांबला.

"आज इथंच थांबाव म्हणतो," ते म्हणाले. "राहिलेला पुढच्या गुरुवारी. मशीन तापली."

"तापू दे!" सुखीबाई कडाडल्या. "त्याच्या पोटात गोळी हाय, अन् तुमी म्हणता पुढच्या गुरुवारी! तवरिक हा काय पावसात बसून राह्यन?"

"प्रोजेक्टर गार आहे," जवळ बसलेल्या गुरुजींनी हात लावून जाहीर केलं.

सदाशिवरावांनी पुन्हा बटण दाबलं. सत्तर टक्के लोकांना इंग्रजी येत नव्हतं आणि उरलेल्यांना ऐकू येत नव्हतं. त्यांनी मनाशी ठरवलं की आपल्या हाती माइक आहे, शेवट आपण सांगू तो. ट्रंक कॉलवर अशी चार वाक्यं त्यांनी त्या काळीही बदलली होती, आणि त्यानं दोनतीन संसार तरले होते.

पडद्यावर थोरला धडपडत पायऱ्या चढला. दार ठोकलं. एकदा, दोनदा, तीनदा. मग कॅमेरा आत गेला. अंधारी खोली, दार, आणि दारापाशी धाकटा.

"धाकटा झोपला हाय," सदाशिवराव घाईघाईनं माइकवर म्हणाले. "दिवसभर कोर्टात थकला. त्याले काही ऐकूच आलं नाही बिचाऱ्याले. ऐकू आलं असतं, तं त्यानं..."

"झोपला कुठं हाय?"

आवाज शेवटच्या रांगेतून आला. मोठा नव्हता, पण शेताच्या या धुऱ्यावरून त्या धुऱ्यावर बोलायची सवय असलेल्या माणसाचा होता.

"उभा हाय तो. दाराले टेकून. हात कडीवर हाय त्याचा. दिसत नाही का तुले?"

हॉलमधल्या लोकांना त्यात काही विशेष वाटलं नाही. इथं दर गुरुवारी कोणी ना कोणी सदाशिवरावांच्या चुका काढतच असे. पण सदाशिवरावांच्या हातातला रिमोट खाली आला. तुले. हा शब्द त्यांनी त्या आवाजात अकरा वर्षांत ऐकला नव्हता. माणूस तुटला की आधी 'तुम्ही' होतो. हा अजून झाला नव्हता.

त्यांनी पडदा थांबवला. धाकटा दाराला कान लावून, कडीवर हात ठेवून थिजला. खरोखरच उभा होता.

"बरोबर आहे," गुरुजी चष्मा वर करून म्हणाले. "उभाच आहे."

"मंग उघडत काहून नाही मेला?" सुखीबाई मागं वळल्या.

"राग असन," सदाशिवराव हळूच म्हणाले. माइक चालू होता, त्यामुळे ते हळूच म्हणालेलं सगळ्यांना ऐकू गेलं.

"राग कायचा?" मागून उत्तर आलं. "राग तं कवाचाच सरला. राग असता तं दारापाशी कायले येऊन उभा राह्यला असता? बिछान्यात नसता पडला?"

"हो न!" सुखीबाईंना हे एकदम पटलं. "मंग?"

पंजाबरावानं मांडीवरच्या चपला खाली ठेवल्या. बोलताना तो सुखीबाईंकडं पाहत होता, सदाशिवरावांकडं नाही.

"हा नुसता ठोकून राह्यला, बाई. ठोकणाराले काय, पोलीसही ठोकते, वसुलीवालाही ठोकते. आतल्यानं कसं समजाव कोण हाय अन् कायले आला? एवढा पायऱ्या चढून आला, तं तोंडानं नाव घ्याव न माणसाचं. एका नावाचं काम हाय. तेवढ्यासाठी थांबला हाय तो कडी धरून."

प्रोजेक्टरचा पंखा फिरत होता. इंदूबाईंनी पदराचं टोक बोटाला गुंडाळलं, सोडलं, पुन्हा गुंडाळलं. मागं त्यांनी अजूनही पाहिलं नव्हतं, पण पडद्याकडंही पाहत नव्हत्या. त्या सरळ नवऱ्याकडं पाहत होत्या, आणि ती नजर सदाशिवरावांना चांगली ओळखीची होती. गॅस संपत आला आहे हे तिसऱ्यांदा सांगताना ती तशीच असे.

सदाशिवरावांनी माइक तोंडाजवळ आणला. घसा खाकरला, तो खाकरा चारी भिंतींवरून परत आला. चौतीस वर्षं त्यांनी याच आवाजात लोकांना म्हटलं होतं, बोला, लाइनवर आहेत. स्वतः बोलायची वेळ आली की मात्र त्यांचे शब्द मिशीच्या आतच थांबत. त्यांनी माइक खाली केला. मग पुन्हा वर आणला.

"पंजाब," ते म्हणाले.

हॉलमध्ये कुजबुज झाली.

"हा कोण निंगाला आता नवीन?" सुखीबाईंनी विचारलं. "आतावरिक तं कोणाचंच नाव नोयतं!"

"चूप बस व सुखी," इंदूबाई म्हणाल्या.

गुरुजींनी वहीत 'पंजाब' असं लिहून पुढं प्रश्नचिन्ह काढलं. मग वही मिटली आणि तेही मागं वळले. एकेक करून सगळी रांग वळली, तिच्या मागची वळली, खुर्च्या करकरल्या.

शेवटच्या रांगेत पंजाबराव उठून उभा राहिला होता. हाक आल्यावर बसून राहायची त्यांच्या घरी पद्धत नव्हती.

"काय हाय, दादा?" तो म्हणाला. आवाजात थोडी चिडचिड होती, हातातलं काम टाकून यावं लागलेल्या माणसाची असते तशी.

याच्या पुढचं सदाशिवरावांनी काहीच ठरवलं नव्हतं. नकळत बोट रिमोटवर दाबलं गेलं आणि त्यांच्या पाठीमागं अमेरिकेतला पाऊस पुन्हा सुरू झाला. थोरला पायऱ्यांवरून घरंगळत खाली गेला, शिट्ट्या वाजल्या, गाड्या आल्या, चमकत्या झग्यातली बाई छत्री न घेता धावत आली. मोठ्या वाद्यवृंदासह सगळा शेवट व्यवस्थित पार पडला. तो कोणीही पाहिला नाही. सारा हॉल पडद्याकडं पाठ करून बसला होता.

"बोल न," पंजाबराव म्हणाला.